लांब पल्ल्याचा घोडा: पहिल्या ८० किलोमीटरची तयारी

घोड्याचा दम तीन महिन्यांत तयार होतो, पाय तयार व्हायला वर्ष लागतं. एन्ड्युरन्स म्हणजे लांब पल्ल्याच्या स्वारीतल्या बहुतेक चुका या एका फरकातून निघतात. नियमित रपेट सुरू केली की आठ-दहा आठवड्यांत हृदय आणि स्नायू भराभर सुधारतात. घोडा लगाम ओढू लागतो, चढ सहज काढतो, आणि स्वाराला वाटतं, झालं, आता पळवू. त्या वेळी नळीमागच्या (गुडघ्याखालच्या हाडामागच्या) कंडरा, ज्यांना मोतद्दार सरसकट ‘नस’ म्हणतात, आणि सांध्यांचे बंध अर्ध्या वाटेवर असतात. त्यांना सहा महिने ते वर्ष हवं. हाडांना त्याहूनही जास्त. म्हणूनच जगभरच्या स्पर्धांत पशुवैद्य सर्वांत जास्त घोडे बाद करतात ते लंगडण्यावरून. दम तुटल्यामुळे बाद होणारे त्यामानाने कमी.

पुढचं सगळं दख्खनच्या पठारावर मारवाडी, काठियावाडी किंवा भीमथडी घोडा घेऊन आधी ४० आणि मग ८० किलोमीटर पूर्ण करू पाहणाऱ्यासाठी आहे. पूर्ण करणं एवढंच उद्दिष्ट धरावं, आणि ते लहान नाही. कॅलिफोर्नियातला टेव्हिस कप १९५५ पासून चालू आहे. २४ तासांत १०० मैल डोंगरातून. तिथे साधारण निम्मेच घोडे शेवटपर्यंत पोचतात. पहिल्या दहांत आलेल्या घोड्यांपैकी ज्याची अवस्था सर्वांत चांगली, त्याला वेगळा हॅगिन कप मिळतो; पहिला येण्यापेक्षा तो जिंकणं अवघड, असं मानणारे पुष्कळ आहेत.

कुठला घोडा, किती ओझं

आपल्याकडे शिंगरू दोन वर्षांचं झालं की पाठीवर बसायला सुरुवात होते, कारण बाजारात ‘चालीचा’ घोडा लवकर विकला जातो. पाठीच्या मणक्यांची वाढ मात्र साडेपाच-सहा वर्षांपर्यंत चालू असते. पाचवं वर्ष पूर्ण होण्याआधी ही तयारी सुरू करू नये आणि ८० किलोमीटरला सहावं संपल्यावरच उतरावं. वय पशुवैद्याकडून दात बघून ठरवून घ्यावं, विकणाऱ्याच्या तोंडी हिशेबावर जाऊ नये.

वजन काट्याशिवायही काढता येतं. कोपरामागून छातीचा घेर सेंटिमीटरमध्ये मोजा. खांद्याच्या टोकापासून पुठ्ठ्याच्या मागच्या टोकापर्यंत लांबी मोजा. घेर गुणिले घेर गुणिले लांबी, भागिले ११,९००. घेर १६५ आणि लांबी १५० असेल तर उत्तर येतं ३४३ किलो. स्वार आणि सामान मिळून यावर २० टक्के, म्हणजे ६८-६९ किलो, ही वरची मर्यादा समजा. ६२ किलोचा स्वार आणि ९ किलोचं खोगीर म्हणजे ७१, थोडं जास्तच. मग एकतर खोगीर हलकं करा, नाहीतर डोंगराळ मार्ग टाळा. उतारावर स्वाराने उतरून पायी चालायची सवय लावली तर हे ओझं घोड्याला बरंच सोसतं.

आता चालीबद्दल. जत्रेत नाचवलेला किंवा रेवाल (दुडकीऐवजी बिनधक्क्याच्या जलद) चालीवर घडवलेला घोडा दिसायला देखणा असतो, पण मान ताठ वर आणि पाठ खाली दबलेली, या अवस्थेत तो ८० किलोमीटर चालू शकत नाही; पाठ आणि मागचे पाय दुखावतात. शिवाय तपासणीच्या फाटकावर, म्हणजे टप्प्यांच्या मधल्या थांब्यावर, पशुवैद्याला स्वच्छ दुडकी बघायची असते. रेवाल पडणाऱ्या घोड्याचं लंगडणं ओळखणं अवघड जातं आणि शंकेचा फायदा मिळेलच असं नाही. अशा घोड्याचे पहिले दोन महिने मान खाली सोडून, सैल लगामावर चालायला शिकवण्यातच जातील. काटेरी लगाम तर पहिल्याच दिवशी काढून टाका. तोंडात जखम असलेला घोडा पाणी नीट पीत नाही, आणि या खेळात पाणी न पिणारा घोडा म्हणजे अर्धी हरलेली स्पर्धा.

तयारीआधी पशुवैद्याकडून हृदय ऐकून घ्या, दात घासून घ्या, शेणाची तपासणी करून जंताचं औषध ठरवा, धनुर्वाताची लस द्या. ग्लँडर्स या संसर्गजन्य रोगासाठी रक्त तपासून ठेवा, प्रवासाला अहवाल लागतो. पावसाळ्यानंतर घोडा कारणाशिवाय खंगत असेल, ताप येऊन-जाऊन असेल, तर घोडमाश्यांतून पसरणारा सर्रा रोग आहे का ते पाहा. अशा वेळी चंदी (दाणा) वाढवून काहीही होत नाही.

पहिले तीन महिने

पहिले चार आठवडे फक्त कदम, म्हणजे साधी चाल. आठवड्यातून चार दिवस, सुरुवातीला ५ किलोमीटर, चौथ्या आठवड्याअखेर १० ते १२. हे कंटाळवाणं आहे आणि म्हणूनच बहुतेक जण ते टाळतात. कदम म्हणजे रेंगाळणं नव्हे. ताशी ६ किलोमीटरच्या आसपास, लांब पाऊल, मान हलती, मागचा खूर पुढच्या खुराच्या ठशावर किंवा त्याच्याही पुढे पडला पाहिजे. पाणंदीच्या मऊ धुळीत मागे वळून ठसे पाहिले की लगेच कळतं.

पाचव्या आठवड्यापासून दुडकी. दोन मिनिटं दुडकी, पाच मिनिटं कदम, असं चार वेळा. दर आठवड्याला दुडकी एका मिनिटाने वाढवा. वेग ताशी १२ किलोमीटर, म्हणजे एका किलोमीटरला पाच मिनिटं. स्वाराने रिकिबीत उठबस करत दुडकी करावी आणि दर काही मिनिटांनी बसण्याचा ठेका बदलावा. एकाच पायाच्या ठेक्यावर महिनोन्‌महिने बसलं की घोडा एका बाजूला भरतो, दुसरी बाजू मागे राहते. मग खोगीर सरकू लागतं आणि दोष खोगिराला दिला जातो.

सातव्या आठवड्यापासून आठवड्याला आकार द्या. एक लांब दिवस: १५ किलोमीटरपासून हळूहळू २५ पर्यंत. एक चढाचा दिवस: टेकडीवर कदमाने चढणं, दहाव्या आठवड्यापासून छोट्या चढांवर दुडकी, उतार कायम कदमाने. दोन हलके दिवस, तासाभराचे. बाकी दिवस सुट्टी, पण सुट्टी म्हणजे अगाडी-पिछाडी बांधून उभं करणं नव्हे. मोकळ्या कुंपणात सोडता आला तर उत्तम, नाहीतर अर्धा तास हाताने फिरवा.

दोन नियम पाळले तर निम्मी दुखणी टळतात. ज्या आठवड्यात अंतर वाढवाल त्या आठवड्यात वेग वाढवू नका. आणि दर चौथा आठवडा हलका ठेवा, नेहमीच्या साधारण निम्म्या कामाचा. पायांची दुरुस्ती या हलक्या आठवड्यात होते.

जमीन कशी आहे याला अंतराइतकंच महत्त्व आहे. मुरमाची पाणंद आणि कॅनॉलच्या कडेचा रस्ता सर्वांत चांगला. माळरान चांगलं, पण लपलेले धोंडे आणि बिळं असतात. डांबरावर कदम हरकत नाही. थोडी थोडी दुडकी हाडं पक्की करते, लांब दुडकी सांधे झिजवते. ओल्या काळ्या मातीत जाऊच नये. चिखल खूर ओढून धरतो, नाल निखळतो आणि कंडरेवर अचानक ताण येतो. नदीपात्रातल्या खोल वाळूचा धोकाही तोच.

तीन महिन्यांनंतर ३० किलोमीटर तीन-साडेतीन तासांत जाऊन दुसऱ्या दिवशी घोडा सरळ चालत असेल, भूक नेहमीसारखी असेल, तर ४० किलोमीटरच्या स्पर्धेत उतरायला हरकत नाही. ८० किलोमीटरसाठी आणखी पाच-सहा महिने धरा, मध्ये ४० किंवा ६० च्या दोन-तीन स्पर्धा. घरी ८० किलोमीटर पळवून बघायची गरज नाही. ४५ पर्यंतचा लांब दिवस पुरतो, तोही तीन आठवड्यांतून एकदाच. शेवटचे दोन आठवडे काम निम्म्यावर आणा.

नाडी मोजायला शिका

स्टेथोस्कोप शंभर उपकरणांचं काम करतो. डाव्या कोपराच्या मागे, तंग (खोगिराचा पट्टा) बसतो त्याच्या जवळ लावा. ‘लब-डब’ मिळून एक ठोका. १५ सेकंद मोजून चौपट करा. नवशिके लब आणि डब वेगळे मोजतात आणि विश्रांतीची नाडी ७२ बघून घाबरतात. निरोगी घोड्याची विश्रांतीतली नाडी मिनिटाला २८ ते ४४, श्वास ८ ते १६, ताप ३७.२ ते ३८.३ सेल्सिअस. महिनाभर रोज सकाळी चंदीआधी नोंद ठेवा. एखाद्या सकाळी नाडी नेहमीपेक्षा आठ-दहाने जास्त आली तर त्या दिवशी स्वारी नाही; ताप, दुखणं किंवा थकवा आत कुठेतरी आहे.

कामानंतर नाडी किती लवकर उतरते, ते खरं माप. बहुतेक आंतरराष्ट्रीय स्पर्धांत फाटकावर आल्यापासून १५ मिनिटांच्या आत नाडी ६४ वर यावी लागते. घरच्या सरावात १० मिनिटांत ६० चं लक्ष्य ठेवा. १० मिनिटांनंतरही ७२ च्या वर अडकली असेल तर काम जास्त झालं, किंवा ऊन जास्त होतं, किंवा घोड्याला कुठेतरी दुखतंय. तिसरी शक्यता लोक विसरतात. वेदनेने नाडी चढते, आणि कधीकधी लंगडणं डोळ्याला दिसण्याआधी नाडी ते सांगते.

आणखी एक कसोटी घरी जरूर करा. घोडा उभा असताना नाडी घ्या, समजा ६० आली. घड्याळ चालू करून त्याला हाताने धरून ४० मीटर दुडकीत न्या आणि आणा. घड्याळ चालू केल्यापासून बरोबर एका मिनिटाने पुन्हा नाडी घ्या. ६० किंवा ६४ आली तर घोडा पुढे जायला योग्य. ६८ आली तर पुढचा टप्पा सावकाश. ७२ आली तर आकडा ६० वरून निघाला होता यावर समाधान मानू नका. तो घोडा थांबवायचा.

चारा, चंदी, पाणी, मीठ

कोरड्या वजनात शरीराच्या दोन टक्के तरी चारा हवा. ३५० किलोच्या घोड्याला ७ किलो. चाऱ्याने भरलेलं मोठं आतडं म्हणजे पाण्याची आणि क्षारांची टाकी. घाम जातो तेव्हा घोडा त्यातून पाणी ओढतो. चंदीवर पोसलेल्या आणि चारा कमी खाल्लेल्या घोड्याची ही टाकी लहान राहते. कडबा देत असाल तर कुट्टी करून, ओलावून. जाड धाटं आणि कमी पाणी या जोडीने आतडं तुंबतं. वाळलेलं मारवेल किंवा जईचं गवत जास्त चांगलं.

चंदीत जई किंवा जव, एका वेळी दीड किलोपेक्षा जास्त नाही. हरभरा मूठ-दोन मुठी ठीक, पण घोडा कामाचा म्हणून हरभऱ्यावर वाढवला तर जास्तीची प्रथिनं उष्णता आणि लघवी वाढवतात, म्हणजे पाणी वाया जातं. ताकद वाढवायची तर तेल द्या: ३० मिलिलिटरपासून सुरू करून तीन आठवड्यांत १५० पर्यंत. एक गोष्ट ठळकपणे: कोंबडीखाद्य किंवा ते जिथे मिसळतात तिथलं तयार पशुखाद्य घोड्याला देऊ नका. त्यात मोनेन्सिन हे औषध असू शकतं आणि त्याची थोडी मात्राही घोड्याचं हृदय बंद पाडते.

लसूणघास रोज थोडा चालतो, पण स्पर्धेच्या आधीच्या आठवड्यात कमी करावा. त्यात कॅल्शियम भरपूर. आयतं मिळत राहिलं की शरीर साठ्यातून कॅल्शियम काढायची सवय सोडतं, आणि ऐन घामाच्या वेळी रक्तात तुटवडा पडतो.

उन्हात काम करणारा घोडा तासाला १० लिटर आणि त्याहूनही जास्त घाम गाळू शकतो. त्याच्या घामात दर लिटरला साधारण ९-१० ग्रॅम क्षार असतात, आपल्या घामापेक्षा कितीतरी जास्त. पाण्यासोबत मीठही गेल्यामुळे रक्त दाट होऊनही खारट होत नाही, आणि मेंदूला तहान लागल्याचा निरोपच जात नाही. म्हणून सुकलेला घोडा बादलीकडे बघून तोंड फिरवतो. रोजच्या चंदीत ३० ग्रॅम साधं मीठ द्या, घामाच्या दिवसांत ६० ते ९०. स्पर्धेत दोन-तीन तासांनी ३० ग्रॅम मीठ आणि १० ग्रॅम पोटॅशियम क्लोराइड दह्यात कालवून, सुई नसलेल्या मोठ्या पिचकारीने गालाच्या आत. पण घोडा पाणी प्यायल्यानंतरच. न प्यालेल्या घोड्याला क्षार दिले तर शरीरातलं उरलंसुरलं पाणी आतड्यात ओढलं जातं. खाण्याचा सोडा मात्र घालू नका. घामातून क्लोराइड गेल्याने घोड्याचं रक्त आधीच अल्कधर्मी झालेलं असतं. सोडा ते आणखी बिघडवतो.

पिण्याची सवय घरी लावायची असते. वेगवेगळ्या बादल्या, ओढा, हौद, डबकं. प्रत्येक लांब दिवशी दोनदा तरी थांबून, घाई न करता. पहिल्या २० किलोमीटरमध्ये बरेच घोडे पीत नाहीत, तिथे काळजी नको. नंतरही पीत नसेल तर गव्हाचा कोंडा पातळ भिजवून द्या.

नाल आणि खोगीर

नालबंदी दर पाच-सहा आठवड्यांनी. स्पर्धेआधी सात ते दहा दिवस. आदल्या दिवशीच्या नालात एखादा खिळा खुराच्या जिवंत भागाजवळून गेला असेल तर तो ३० किलोमीटरवर समजतो. खुराचा पुढचा भाग लांब राहू देऊ नका. अशा पुढे लांब राहिलेल्या खुराने प्रत्येक पावलाला कंडरा जास्त ताणली जाते.

खोगिराची परीक्षा २० किलोमीटरनंतर घामाच्या ठशावरून करा. सगळी पाठ ओली आणि मध्ये रुपयाएवढा कोरडा डाग असेल तर तिथे दाब इतका आहे की घामाच्या ग्रंथी बंद पडल्या. आज कोरडा डाग, महिन्याने सूज, वर्षाने पांढरे केस.

स्पर्धेचा दिवस

चंदी सुटण्याआधी चार तास, चारा अगदी सुटेपर्यंत. पहिला टप्पा ठरल्यापेक्षा हळू काढा. गर्दीत पेटलेला घोडा पहिल्या दहा किलोमीटरमध्ये जे उधळतो ते संध्याकाळपर्यंत भरून येत नाही, म्हणून पाच मिनिटं मागून सुटायला लाजू नका. ताशी १० किलोमीटरच्या सरासरीने ८० किलोमीटरला आठ तास स्वारी, मधले थांबे वेगळे. नियमपुस्तिकेतली कमाल वेळ आधी पाहून ठेवा.

फाटकाआधी अर्धा किलोमीटर उतरा, तंग एक भोक सैल करा, पायी या. मदतनिसांचा क्रम ठरलेला असावा: आधी पाणी पाजणं, मग खोगीर उतरवणं, मग मान, छाती आणि मांड्यांच्या आतल्या बाजूला पाणी ओतत राहणं. उन्हाळ्यात सगळ्या अंगावर, सारखं, थांबू नका; गार पाण्याने स्नायू आखडतात ही भीती कडक उन्हात अनाठायी आहे. हिवाळ्यातल्या वाऱ्याच्या सकाळी मात्र पुठ्ठ्यावर घोंगडी टाका. नाडी ६० च्या खाली दिसल्यावर आत जा.

पशुवैद्य हिरडी दाबून बघतील, दोन सेकंदांत गुलाबी व्हायला हवी. मानेची कातडी चिमटीत धरून सोडतील, पोटाचे आवाज ऐकतील, मग दुडकी. दोरी सैल धरा. घोड्याचं डोकं धरून पळवलं की सरळ घोडाही लंगडा दिसतो.

चार लक्षणं दिसली तर स्वारी तिथेच संपली. कुशीचं कातडं हृदयाच्या ठोक्याबरोबर उडतंय, जणू उचकी लागली: कॅल्शियम आणि क्षारांचा तुटवडा. पुठ्ठे दगडासारखे कडक, पाऊल उचलेना, लघवी कॉफीच्या रंगाची: स्नायू फुटलेत, घोडा एक पाऊलही हलवू नका, गाडी त्याच्याकडे आणा. पोटाचा आवाज बंद, चाऱ्याला तोंड लावत नाही: पोटशूळ सुरू होतोय. ताप ४०.५ च्या वर आणि गार करूनही उतरत नाही: उष्माघात. चारही वेळी पशुवैद्य, आणि मनाने वेदनाशामक देऊ नका. सुकलेल्या घोड्याच्या मूत्रपिंडांना ते घातक ठरतं.

नंतरचे दिवस

त्या रात्री चारा आणि पाणी हवं तेवढं, चंदी नेहमीच्या निम्मी. नळ्यांवर १५-२० मिनिटं गार पाणी सोडा. दर दोन तासांनी पाच-दहा मिनिटं चालवा. सकाळी खरारा करण्याआधी दोन्ही तळहातांनी दोन्ही नळ्या एकाच वेळी धरा. एका बाजूची ऊब किंवा बोटाएवढा फुगवटा असाच कळतो. मग कडक जमिनीवर दुडकी. ८० किलोमीटरनंतर दोन आठवडे खोगीर नाही, फक्त मोकळं सोडणं आणि हाताने चालवणं. या काळात चंदी कमीच ठेवा. रिकाम्या घोड्याला पूर्ण चंदी चालू ठेवून पंधराव्या दिवशी एकदम कामाला काढलं की पुठ्ठे आखडण्याचं दुखणं उद्भवतं. छातीचा घेर पुन्हा मोजून वजन काढा. दहा दिवसांत ते स्पर्धेआधीच्या आकड्यावर आलं नसेल, तर पुढच्या स्पर्धेची तारीख पुढे ढकला.